आभाळीतला पाऊस कोणाचा?

‘सातधुरा’ ही माझी गोष्ट या मासिकात दिवाळी अंकापासून क्रमशः येते आहे. मधले भाग ज्यांच्या वाचनात आले नाहीत त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. सातधुरा हा माझ्या मनातला देश. तिथले विणकर ‘आभाळी’ नावाचं कापड विणतात. जी वीत ज्या हवेत विणली, ती हवा त्या वितीत कायमची मुरते. श्रावणसरीत विणलेली वीत वैशाखातही गार लागते, पौषातल्या पहाटेची वीत अंगावर काटा आणते. मात्र जेवढा पाऊस कापडात गेला, तेवढा विणणाऱ्याच्या स्वतःच्या वावरात पडत नाही. नवव्या भागात व्यापाऱ्याने गोष्टीतल्या मोठ्या आत्याचा आख्खा मृगाचा तागा नेला आणि माझ्याकडे पत्रांचा ढीग लागला. त्यातली काही इथे घेते.

प्रश्न : ताई, मी दहावीत आहे. आमच्या घरावर टिनं आहेत. मे महिन्यात रात्री दोन वाजतासुद्धा भिंतीला हात लावला तर गरम लागते. आभाळीचा भाग मी आजीला वाचून दाखवला, तर ती म्हणाली, “असं एक लुगडं मले आणून दे.” तुम्हाला हे कापड सुचलं कसं? असं खरंच होऊ शकतं का?
(विद्यार्थिनी, यवतमाळ जिल्हा)

बाळा, आभाळी मला खड्ड्यात सुचलं. माझे बाबा कोष्टी. भंडारा जिल्ह्यात मोहाडीच्या बाजूला आमचं गाव. घरात खड्डामाग होता, म्हणजे जमिनीत कमरेएवढा खड्डा, त्यात पाय सोडून बसायचं, पायांनी दाबायच्या पावड्या खाली, सूत जमिनीच्या सपाटीला. लोकांना वाटतं की जागा वाचावी म्हणून खड्डा करत असतील. मोठं कारण ओल. जमिनीच्या पोटातली ओल सुताला मिळते आणि सूत तुटत नाही. नवतपा, म्हणजे मे अखेरचे कडक उन्हाचे नऊ दिवस, लागला की तीही पुरायची नाही. मग माय खड्ड्याच्या भिंतींवर तांब्याने पाणी शिंपायची, मागाभोवती ओली पोती टाकायची. एवढं करूनही दुपारी बाराच्या पुढे धागा टकाटका तुटायचा. पावसाळ्यात उलटं. सूत मऊ, पण खळ दमट होऊन धागे एकमेकांना धरून ठेवायचे.

म्हणून बाबा धुतलेल्या जुन्या लुगड्यावरून नुसता अंगठा फिरवून सांगायचे, “हे आखाडातलं. हे उन्हाळ्यातलं, इथं बघ, किती गाठी.” त्यांना गाठी लागत होत्या, धागा दाबून बसवणाऱ्या फणीचा ठोका कुठे घट्ट आणि कुठे सैल बसला ते लागत होतं. मला मात्र वाटायचं की त्यांच्या बोटाला आखाडच लागतो. आभाळी तेव्हापासून माझ्या डोक्यात आहे.

आणि हवा कापडात उतरते ही काही माझीच कल्पना नाही. ढाक्याची मलमल ऐकली असशील. मेघना नदीच्या काठी वाढणाऱ्या ‘फुटी कापूस’ नावाच्या देशी कपाशीपासून ते सूत काढत. सूत इतकं बारीक की कोरड्या हवेत टिकायचंच नाही. म्हणून पहाटे आणि संध्याकाळी, हवेत दमटपणा असताना, तरुण मुली ते कातायच्या. त्या मलमलीच्या जातींची नावंच बघ : शबनम म्हणजे दव, आब-ए-रवाँ म्हणजे वाहतं पाणी. नदीकाठची हवा नसती तर ते कापड झालंच नसतं.

आता आजीच्या लुगड्याचं. कायम गार राहणारं कापड आणून देता येणार नाही, पण ओलं लुगडं दारात टांगायची युक्ती आजीला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक असेल. पाण्याची वाफ होते तेव्हा ते भोवतालची उष्णता ओढून घेतं, म्हणून ओल्या कापडातून आलेला वारा थंड लागतो. कूलरमधला वाळा हेच करतो. आपल्याकडचं ऊन कोरडं, म्हणून हे मे महिन्यात छान चालतं. पाऊस सुरू झाल्यावर हवा आधीच भरलेली असते, वाफ होत नाही, आणि मग तोच कूलर अंग चिकचिकीत करून सोडतो. टिनांवर दुपारी जुनी पोती ओली करून टाकता आली तर टाका. विहिरीला पाणी असेल तरच. आमच्याकडे मे महिन्यात हाच हिशेब पहिला असायचा.

प्रश्न : बाईसाहेब, मी पन्नास वर्षं मागावर बसलो. आता डोळे गेले, नात वाचून दाखवते. गोष्ट चांगली आहे, पण एक चूक आहे. तुम्ही लिहिता, विणताना जी हवा असेल ती कापडात जाते. बाण्याचं मी समजू शकतो. ताण्याचं काय? ताणा तर महिनाभर आधीच मागावर चढलेला असतो. मग अर्धं कापड कोणत्या हवेचं?
(जुने विणकर, पवनी)

काकाजी, तुमचं पत्र मी तीनदा वाचलं. तुम्ही म्हणता ते खरं आहे आणि ही चूक माझीच. मी विणकराची मुलगी असून ताणा विसरले. नऊ भाग छापून झाले, आता ते बदलता येत नाहीत. पण तुमच्या प्रश्नाने मला जे सापडलं ते पुढच्या भागांत येणार आहे, म्हणून इथे सविस्तर सांगते.

ज्यांनी माग पाहिला नाही त्यांच्यासाठी आधी एवढं : मागावर लांबीत ताणून बसवलेले धागे तो ताणा. धोट्यातून आडवा जाणारा धागा तो बाणा. ताणा एकदा चढला की आठवडेच्या आठवडे तोच असतो. बाणा दर ठोक्याला नवा.

तुमचं पत्र वाचून मला आमच्या गल्लीतली पांजणी, म्हणजे ताण्याला खळ लावायचं काम, आठवली. पहाटे चारला गल्लीभर ताणा पसरायचा, दोन टोकांना खुंट्या, मधे बांबूचे आधार. तांदळाची पातळ खळ रात्रीच शिजवून ठेवलेली. बाबा, शेजारचे काका आणि कोपऱ्यावरचे मामाजी, तिघं मोठे कुंचे घेऊन ताण्याच्या दोन्ही अंगांनी चालायचे, जायचे, यायचे. कुंचा एका लयीत ओढावा लागतो, नाहीतर खळीच्या गुठळ्या बसतात. ऊन तापायच्या आत काम संपवायचं, कारण उन्हात खळ झटकन सुकते, सूत कडक होतं आणि मागावर मोडतं. वारा सुटला तर सगळे एकदम धावायचे. दूध घेऊन निघालेला माणूस असो की बंडीवाला, ताणा उचलेपर्यंत गल्लीच्या तोंडाशी थांबायचा. कोणी कुरकुर केल्याचं मला आठवत नाही. आज आमचा ताणा, परवा शेजारच्यांचा. पांजणीची मजुरी कोणी कोणाला दिली नाही.

तर काकाजी, आभाळीचं असं ठरलं : बाण्यात रोजची हवा मुरते, ताण्यात फक्त पांजणीची पहाट. आभाळी पावसाचं असो की थंडीचं, त्याच्या तळाशी एक पहाट आहे. आणि ती पहाट एकट्या विणकराची नाही. ज्यांनी कुंचा ओढला, जो बंडी थांबवून उभा राहिला, त्या सगळ्या गल्लीची आहे. पुस्तक निघेल तेव्हा पहिल्या भागातच हे घालीन. नातीला माझा आशीर्वाद, आणि तिला म्हणा, पुढचे भागही असेच चुका काढत वाचून दाखव.

प्रश्न : मॅडम, माझी पाच एकर कोरडवाहू. दोन वर्षं झाली, मृगात पेरलं आणि पुढे वीस-वीस दिवस थेंब नाही. दुबार पेरणी केली. तुमच्या गोष्टीत विणकर लोक पाऊस कापडात भरतात हे वाचून मला राग आला. पऱ्हाटी सुकते आणि हे तागे विणतात! आणि ज्या व्यापाऱ्याने तो पाऊस नेला, त्याला तुम्ही मोकळं सोडलं.
(शेतकरी, वाशिम जिल्हा)

दादा, तुमचा राग मला पटतो. एक गोष्ट आधी स्पष्ट करते. आभाळीचा पाऊस दुसऱ्याच्या वावरातून येत नाही. जी बाई विणते तिच्याच धुऱ्याच्या आतला तो पाऊस. शेजारच्या वावरात सर पडते, आणि तिच्या वावरात धुऱ्यापाशी येऊन थांबते. मोठ्या आत्याने मृगाचा आख्खा तागा विणला तेव्हा तिची दोन बिघे तूर वाळली. तिने ते जाणूनबुजून केलं, कारण घरात तूर विकून येणारे पैसे तागा विकून येणाऱ्या पैशांपेक्षा कमी होते. निदान व्यापाऱ्याने तसं सांगितलं होतं.

हा नियम मी कशावरून बांधला ते सांगते. १९७४ साली मी अकरा वर्षांची होते. बाबांनी दोन करवती लुगडी विणायला घेतली होती. अंग कोशाचं, म्हणजे रानातल्या अळीच्या टसर रेशमाचं, आणि काठ सुताचा. काठ आणि अंग जिथे भेटतात तिथे करवतीसारखे दात दिसतात म्हणून ते करवती. त्यासाठी तीन धोटे लागतात, दोन काठांचे आणि एक मधला, आणि दर ठोक्याला काठाचा धागा अंगाच्या धाग्यात अडकवून घ्यावा लागतो. एकट्याचं काम सावकाश चालतं. म्हणून शाळेतून आल्यावर उजव्या काठाचा धोटा माझा. त्या पावसाळ्यात बाबा वावरात गेलेच नाहीत. आमची दीड एकर बांधी होती, धानाची. रोवणी वेळेवर झाली नाही, मामा तलावाचं, म्हणजे जुन्या मालगुजारी तलावाचं, पाणी आमच्या पाळीला आलं आणि वाहून गेलं, कारण बांधी तयारच नव्हती. बाबा म्हणाले, लुगड्यांवर वर्ष निघेल.

लुगडी घेऊन आम्ही व्यापाऱ्याकडे गेलो. त्याने एक उलगडलं, उजेडाकडे धरलं आणि म्हणाला, दमट वास येतो, काठ कुठे कुठे ओढला आहे. ओढलेला काठ उजवा होता, म्हणजे माझा. त्याने ठरलेल्या किमतीच्या अर्धे पैसे दिले. बाबांनी घेतले, कारण परत न्यायची तर उधार आणलेल्या कोशाचे पैसे कुठून द्यायचे? पंधरा दिवसांनी तेच लुगडं त्याच्या दुकानात सगळ्यात वर टांगलेलं मी पाहिलं. माझा ओढलेला काठ मी दहा हातांवरून ओळखला. त्याखाली पूर्ण किमतीची चिठ्ठी होती.

त्या वर्षी आमच्या घरी धान नव्हता. दादा, म्हणून सातधुऱ्यात विणणाऱ्याच्याच वावरातला पाऊस जातो. मला दुसरा कोणताही नियम खरा वाटला नसता.

आता व्यापाऱ्याबद्दल. त्याला मी सोडलेलं नाही. पवनीच्या काकाजींनी वर जो प्रश्न विचारला आहे, त्यातूनच पुढची वाट निघाली. त्याने पाऊस विकत घेतला, म्हणजे बाणा. ताण्यातली पहाट एकट्या मोठ्या आत्याला विकताच येत नव्हती, ती गल्लीची होती. अकराव्या भागात गल्लीतले लोक त्याच्या दारात जातात आणि आपली पहाट मागतात. ताणा काढून घेतला तर कापडात काय उरतं हे तुम्हाला सांगायला नको. तूर परत येणार नाही, ते मी खोटं लिहिणार नाही. पण त्या दारात काय होतं ते वाचा आणि मग मला पुन्हा लिहा. राग राहिला असेल तर तसंही लिहा.

प्रश्न : आभाळीचा रंग कोणता? धुतल्यावर त्यातली हवा जाते का?
(अनेक पत्रं)

रंग कोशाचाच, कच्च्या मधासारखा. धुवायचं तर रिठ्याच्या पाण्यात, सावलीत वाळवायचं. हवा जात नाही.

प्रश्न : मी कॉलेजमध्ये शिकतो, गोष्टी लिहितो. मलाही जादूचं कापड असलेलं जग रचायचं आहे. माझं कापड आगीत जळत नाही, तलवारीने फाटत नाही आणि घालणारा दिसेनासा होतो. पण मित्र म्हणतात, खरं वाटत नाही. काय करू?
(तरुण वाचक, आरमोरी)

तुझ्या कापडाला सगळं येतं, पण ते कोणी केलं हे तू मला सांगितलं नाहीस. मित्रांना बहुतेक तेच खटकत असावं.

आगीत न जळणारं कापड जगात होतं. मळलं की विस्तवात टाकायचं, मळ जळून जायचा आणि कापड पांढरं होऊन बाहेर यायचं. युरोपात लोक समजायचे की ते आगीत राहणाऱ्या सॅलमँडर नावाच्या प्राण्यापासून होतं. मार्को पोलोने तेराव्या शतकात लिहून ठेवलं की प्राणी वगैरे काही नाही, हा तंतू डोंगरातून खणून काढतात. ते अ‍ॅस्बेस्टॉस. आज आपल्याला ठाऊक आहे की त्याचे बारीक तंतू श्वासातून छातीत गेले की फुप्फुसं कायमची निकामी होऊ शकतात, कॅन्सर होऊ शकतो. आता तुझ्या राजाचा न जळणारा झगा घे, आणि तो विणणाऱ्या बाईचा खोकला लिही. त्या खोकल्याला झगा घालणारा राजा काय म्हणतो तेही लिही.

दुसरं उदाहरण. मादागास्करमध्ये सोनेरी कोळ्यांच्या धाग्यापासून एक वस्त्र विणलं गेलं आणि २००९ साली लोकांना दाखवलं गेलं. रंग दिलेला नाही, धागाच सोन्यासारखा. त्यासाठी रोज सकाळी रानातून कोळी धरून आणले, हाताने चालणाऱ्या यंत्रावर धागा ओढून घेतला आणि पुन्हा सोडून दिले, असे एकूण दहा लाखांवर कोळी. काही वर्षं गेली त्यात. त्याच कुळातला मोठा कोळी आपल्या ताडोबाच्या रानातही आहे. पावसाळ्याच्या शेवटी वाटेवर आडवं जाळं असतं, तोंडावर आलं तर तुटता तुटत नाही. ऊन पडलं की पिवळं चमकतं.

पण तू आरमोरीचा. तुला मादागास्करला जायची गरज काय? कोशाची अळी तुझ्या गावाच्या बाजूला ऐन आणि अर्जुनाच्या झाडावर असते. तुतीच्या अळीसारखी ती घरात, टोपलीत वाढवता येत नाही, तिला उघडं रान लागतं. कावळे, मुंग्या, गांधीलमाश्या, सगळ्यांना ती हवी असते. म्हणून ढिवर समाजातले पाळणारे लोक गलोल घेऊन झाडांखाली दिवसदिवस राखण करतात. कोसा करताना अळी आधी फांदीला एक देठ बांधते, धाग्याचंच, आणि त्याला कोसा लोंबतो. वाऱ्याने पडत नाही. आमच्याकडे कोसे उकळून मऊ केले की माय मांडीवर धागा वळायची. तिच्या उजव्या मांडीवर शेवटपर्यंत एक पट्टा होता, केस नसलेला, गुळगुळीत. तशी एखादी खूण तुझ्या गोष्टीतल्या कोणाच्या अंगावर आहे का?

एक दिवस राखण करणाऱ्या माणसासोबत बस. तो पथ्य काय पाळतो, काय खात नाही, कोणाला झाडाजवळ येऊ देत नाही, ते विचार. दिसेनासं करणारं कापड तुला तिथेच सापडेल असं मला वाटतं, कारण रानात अळी पानासारखीच हिरवी असते आणि शोधणाऱ्याला समोर असून दिसत नाही. तलवारीचं मात्र सोडून दे. जे कापड फाटतच नाही त्याला रफू करणारा माणूस नसतो, आणि मला तुझ्या जगात तो माणूस हवा आहे.

प्रश्न : ताई, माझ्या सासूबाईंचं करवती लुगडं पेटीत आहे. त्या जाऊन बारा वर्षं झाली. परवा उघडलं तर घडीवर चिरलेलं. मला रडू आलं. जुन्या कापडात माणसाचं काही उरतं का, की हे तुमच्या गोष्टीतच? आणि आता ते जपू कसं?
(गृहिणी, वर्धा जिल्हा)

वहिनी, जपण्याचं आधी सांगते, कारण त्याला वेळ लावू नका. रेशीम घडीवर चिरतं, कारण बारा वर्षं तोच धागा त्याच जागी मोडून होता. जिथे चिरलं आहे तिथे ओढू नका, सुई घालू नका, इस्त्री तर नकोच. कोरड्या, ऊन नसलेल्या दिवशी दुपारी स्वच्छ जमिनीवर धुतलेली सुती चादर अंथरा, त्यावर लुगडं उलगडा आणि घंटाभर नुसती हवा लागू द्या. मग घडी न घालता सुती कापडासोबत सैल गुंडाळी करा. गुंडाळायला जागा नसेल तर घडी घाला, पण वेगळ्या ठिकाणी, आणि प्रत्येक घडीत मऊ जुन्या सुती कापडाची वळकटी ठेवा म्हणजे धागा टोकदार मोडणार नाही. प्लॅस्टिकच्या पिशवीत अजिबात ठेवू नका, आत ओल धरते. डांबरगोळी कापडाला लावून ठेवू नका. कडुनिंबाचा पाला ठेवायचा तर पुरा वाळलेला, वेगळ्या पुरचुंडीत. दर चार महिन्यांनी काढून घडीची जागा बदला.

माणसाचं काही उरतं का, हे विचारलंत. माझ्याकडे बाबांच्या मागावरचा शेवटचा तुकडा आहे. ते गेले तेव्हा मागावर दीड हात विणून झालं होतं. कोणी पुढे विणायला तयार होईना, म्हणून मायने ताणा कापला. त्या दीड हाताच्या शेवटच्या चार बोटांत ठोका सैल आहे, तिथे बाबांचा हात थकलेला होता. मी अंगठा फिरवते आणि मला ती जागा लागते. डोळे मिटूनही लागते. तुमच्या लुगड्यातही अशी जागा असेल. पदर कमरेला खोचायची जागा बहुतेक बायकांची ठरलेली असते, तिथे सूत इतर जागेपेक्षा मऊ झालेलं असतं. उलगडाल तेव्हा डाव्या हाताने पदराच्या काठावरून सावकाश जा. सापडली की त्या जागेवर घडी येऊ देऊ नका.